थंडगार स्ट्रॉबेरी आणि संत्र्याची साखर

(मंडळाचा वर्धापनदिन व संक्रांतीचे हळदीकुंकू या दिवशी केलेल्या भाषणाचा मजकूर)



आज वर्धापनदिन आणि हळदीकुंकू असा दुहेरी योग आहे. अशा दिवशी व्यासपीठावर शिकलेल्या बायका बोलतात आणि आमच्यासारख्या मागे बसून ऐकतात, हा आजवरचा रिवाज. यंदा चिटणीसबाई म्हणाल्या, "तुम्ही नेहमी काहीतरी करून आणता आणि सगळ्या कृती विचारतात. तर ती कृतीच एकदा सर्वांसमोर सांगा." माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. त्यामुळे भाषणातली भाषा मला येत नाही. पण स्वयंपाकघरातली येते, आणि ती आपल्या सर्वांची एकच आहे. म्हणून उभी राहिले आहे. कुठे चुकले तर सांभाळून घ्या.

आज मी एक थंड गोड पदार्थ सांगणार आहे. स्ट्रॉबेरी, संत्रे आणि घट्ट साय-चक्का यांचा. मूळ पदार्थ परदेशातला. त्यात संत्र्याची दारू घालतात. दारू हा शब्द ऐकून पुढच्या रांगेतल्या आजी दचकल्या, ते मला दिसले. आजी, घाबरू नका. आज वाटीत तसले काही नाही. ते का नाही आणि त्याऐवजी काय आहे, हेच मला सांगायचे आहे.

आधी फळाची गोष्ट. माझे माहेर पाचगणीच्या अंगाला, भिलारच्या शेजारचे. भिलार म्हटले की आता लोकांना पुस्तकांचे गाव आठवते. ते २०१७ साली झाले. पण त्याच्या कितीतरी आधीपासून ते स्ट्रॉबेरीचे गाव आहे. महाबळेश्वर, पाचगणी, जावळी, वाई या भागातल्या लाल मातीत आणि थंड हवेत हे फळ चांगले येते. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेचार हजार फूट उंचावर आहे. पावसाळ्यात तिथे पाऊस असा कोसळतो की शेताला झाकून ठेवावे लागेल असे वाटते, आणि थंडीत वेण्णा तलावाकाठी एखाद्या पहाटे दव गोठते. इंग्रजांच्या काळात हे फळ तिकडे आले आणि आपल्या कुणब्यांनी ते आपलेसे केले. २०१० साली महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीला भौगोलिक मानांकन मिळाले. म्हणजे सरकारदरबारी लिहिले गेले की, हे नाव या मातीचेच.

पावसाचा जोर ओसरला की सप्टेंबर-ऑक्टोबरात रोपे लावतात. मातीचे उंच गादीवाफे करतात, त्यावर प्लास्टिकचा कागद अंथरतात, कागदाला भोके पाडून त्यात एकेक रोप. पाणी ठिबकने. फळ मातीला टेकले तर कुजते, म्हणून ही सगळी व्यवस्था. नोव्हेंबरच्या अखेरीस पहिली फळे येतात आणि मार्च-एप्रिलपर्यंत तोडणी चालते. विंटर डॉन, स्वीट चार्ली, कॅमारोसा अशी वाणांची नावे तिथल्या बायकांच्या तोंडी असतात. पहिली दोन फ्लोरिडाच्या विद्यापीठात तयार झाली आणि तिसरे कॅलिफोर्नियाच्या. ही अमेरिकेची नावे माझी वहिनी अशी घेते, जशी आपण इंद्रायणी नि आंबेमोहोर म्हणतो.

तोडणी पहाटे करतात. ऊन चढले की फळ मऊ पडते. वाकून वाकून, फळाला बोटांचा दाब न देता, देठासकट खुडायचे. तोडणाऱ्या बहुतेक बायकाच. दुपारपर्यंत कंबर धरते. आपण बाजारात एक डबी उचलतो, झाकण उघडून दोन फळे दाबून पाहतो आणि परत ठेवतो. तसे करू नये, एवढीच माझ्या माहेरच्या बायकांच्या वतीने विनंती. दाबलेले फळ संध्याकाळपर्यंत टिकत नाही, आणि त्यामागे कोणाची तरी पहाट असते.

मग फळ पाहायचे कसे? तर डबी उलटी करून तळाशी पाहावे. लाल पाणी सुटलेले असेल तर घेऊ नये. फळ देठापर्यंत लाल हवे. खांद्याशी पांढरे असेल तर ते अर्धे कच्चे आहे, आणि ते घरी आणून पिकेल अशी आशा करू नये. आंब्याची आपण अढी घालतो, चिकू तांदळात ठेवतो, केळी टांगून ठेवतो. स्ट्रॉबेरीचे तसे नाही. ती खुडली की पिकणे तिथेच थांबते. पुढे रंग गडद होईल, मऊ पडेल, पण गोडी वाढणार नाही. मोठे फळ गोड असते हाही समज सोडावा. वास घ्यावा. ज्या डबीला वास आहे तिच्यात चव आहे.

या फळाची एक गंमत माझ्या मुलीने सांगितली. आपण ज्याला फळ म्हणतो तो फुगलेला देठाकडचा भाग आहे, आणि वरचे बारीक दाणे, ज्यांना आपण बिया म्हणतो, तीच खरी फळे. प्रत्येक दाण्यात एक बी. म्हणजे एक स्ट्रॉबेरी खाल्ली की शेकडो फळे खाल्ली. नवऱ्याला सांगायला बरे! आणखी असे की आजची मोठी स्ट्रॉबेरी अठराव्या शतकात फ्रान्समध्ये जन्मली. एक रोप उत्तर अमेरिकेतले, दुसरे दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशाचे. चिलीची रोपे एका फ्रेंच माणसाने १७१४ साली जहाजातून आणली. दोन्ही शेजारी लावली गेली आणि त्यांचा संकर झाला. दोन दूरच्या मुलखांची सोयरीक तिसऱ्याच्या अंगणात जमली म्हणायची.

आता पदार्थाकडे येते. माझी थोरली हॉटेलच्या धंद्याचे शिक्षण घेते. गेल्या वर्षी सुट्टीला आली तेव्हा तिने वहीतली एक कृती वाचून दाखवली. नाव 'स्ट्रॉबेरी रोमानॉफ'. रोमानॉफ हे रशियाच्या राजघराण्याचे नाव. एस्कॉफिए नावाचे मोठे फ्रेंच आचारी होऊन गेले, त्यांच्या पाकशास्त्राच्या पुस्तकात हा पदार्थ आहे. ते पुस्तक पहिल्यांदा १९०३ साली निघाले. कृती दोन ओळींची. स्ट्रॉबेरी संत्र्याच्या रसात आणि क्युरासाव नावाच्या संत्र्याच्या दारूत मुरवायची, पात्रात भरायची, वरून गोड फेटलेली साय घालायची. झाले.

मी तिला विचारले, "संत्र्याचा रस आहेच, तर वर संत्र्याची दारू कशाला?" तिने जे सांगितले ते मला फार पटले, म्हणून तुम्हांला सांगते.

संत्र्याचा रस आंबटगोड असतो, पण संत्र्याचा खरा वास रसात नसतो, सालीत असतो. साल दुमडून दिव्याजवळ पिळली की बारीक तुषार उडतात आणि ज्योत तडतडते. लहानपणी आपण सगळ्यांनी हा खेळ केलेला आहे. ते तुषार म्हणजे सालीतले तेल. तेल पाण्यात विरघळत नाही, पण मद्यार्कात विरघळते. म्हणून तिकडच्या लोकांनी साली मद्यार्कात भिजवल्या, तो ऊर्ध्वपातन करून काढला, साखर घातली. क्युरासाव हे कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटाचे नाव. स्पेनच्या लोकांनी तिथे संत्री नेली. बेटाच्या कोरड्या जमिनीत ती कडू निघाली, खाण्याजोगी राहिली नाहीत. पण वाळवलेल्या सालीला वास सुंदर. त्यातून ही दारू झाली. पुढे फ्रान्समध्ये आंजे गावात कॉइंत्रो या भावांनी १८४९ साली कारखाना काढला, त्यांच्या नावाची पांढरी स्वच्छ दारू प्रसिद्ध झाली. १८८० साली ग्रँ मार्निए आली, तिच्यात कोन्याक म्हणजे द्राक्षांची ब्रँडी असते. या दोन्हींत मद्यार्काचे प्रमाण शंभरात चाळीस. आपल्याकडच्या व्हिस्कीत असते जवळजवळ तेवढेच. गोड असते आणि संत्र्याचा वास येतो, एवढ्यावरून तिला सरबत समजू नये.

भगिनींनो, इथे मला आमच्या घरची एक गोष्ट सांगायची आहे. ज्यांची गोष्ट आहे त्यांना आणि त्यांच्या पत्नीला विचारूनच सांगते. माझ्या जाऊबाई इथेच बसल्या आहेत.

माझ्या धाकट्या दिरांना काही वर्षे दारूचे व्यसन होते. घरात काय काय झाले ते इथे सांगण्याचे कारण नाही. ज्यांच्या घरी झाले आहे त्यांना न सांगता कळते, आणि ज्यांच्या घरी झाले नाही त्यांनी देवाचे आभार मानावेत. पुढे त्यांनी मनावर घेतले, उपचार घेतले. डॉक्टरांनी त्यांना रोज एक गोळी दिली. डायसल्फिराम तिचे नाव. ही गोळी माणसाला सांगून, त्याच्या संमतीनेच देतात. ती पोटात असताना थोडी जरी दारू गेली तरी तोंड लालबुंद होते, छातीत धडधडते, ओकाऱ्या होतात, रक्तदाब उतरतो. गोळी बंद केल्यावरही काही दिवस, कधी दोन आठवड्यांपर्यंत, हा परिणाम होऊ शकतो. म्हणजे ही गोळी दाराशी बसवलेल्या राखणदारासारखी असते. जाऊबाई रोज सकाळी चहाबरोबर ती पुढे ठेवत आणि ते मुकाट्याने घेत. असे चौदा महिने गेले.

पंधराव्या महिन्यात नात्यातल्या एका लग्नाचे स्वागत मोठ्या हॉटेलात होते. कोणते हॉटेल, कोठले, ते सांगत नाही. जेवणानंतर काचेच्या लहान वाट्यांत गोड पदार्थ मांडला होता. पुढे चिठ्ठी होती, तिच्यावर संत्रे-स्ट्रॉबेरी क्रीम एवढेच लिहिलेले. दिरांनी एक वाटी खाल्ली. यजमानांनी आग्रह केला म्हणून दुसरी घेतली. पंधरा-वीस मिनिटांत त्यांचे तोंड आणि मान लाल झाली, घाम फुटला, छाती धरून ते खाली बसले, आणि तिथेच ओकारी झाली. जाऊबाईंच्या लगेच लक्षात आले. पण तोंडाला तर कसला वास नाही! त्यांना दवाखान्यात नेले, रात्रभर ठेवले, सकाळी बरे वाटले. देवाची कृपा. आमच्या यजमानांनी हॉटेलच्या स्वयंपाकघरात जाऊन विचारले. तिथल्या माणसाने सहज सांगितले, "थोडे संत्र्याचे लिकर असते त्यात. चवीपुरते."

चवीपुरते. मीठ चवीपुरते असते. हे चवीपुरते नव्हे.

शरीराला झाले ते एका रात्रीत निवळले. पण त्या मांडवात जे झाले ते निवळायला फार दिवस लागले. लोक कुजबुजले, "पुन्हा सुरू केली वाटतं." चौदा महिने ज्याने स्वतःशी झुंज दिली, त्याच्यावर एका वाटीभर गोडाने हा आळ आणला. घरी आल्यावर दीर दोन दिवस खोलीबाहेर आले नाहीत. जाऊबाई मला म्हणाल्या, "ताई, यांनी घेतली असती तर मी रागावले असते. न घेता हे सोसायचे, तर कोणावर रागवायचे?" मला उत्तर सुचले नाही. मी त्यांच्या हाताला धरून बसून राहिले.

पुढे मुलगी सुट्टीला आली आणि तिने वही उघडली, तेव्हा आम्ही दोघींनी बसून हिशेब केला. तिच्या वहीतल्या कृतीत अर्धा किलो फळांना चार मोठे चमचे संत्र्याची दारू आहे. म्हणजे ६० मिलिलिटर. शंभरात चाळीस म्हटले तर त्यात शुद्ध मद्यार्क २४ मिलिलिटर. सहा वाट्या केल्या तर प्रत्येक वाटीत ४. ज्याला काही त्रास नाही अशा मोठ्या माणसाला तेवढ्याने काही होणार नाही. पण वाटी खाणारा नेहमी तसाच असेल असे कोणी सांगितले? कोणी ती गोळी घेणारा असेल. कोणी सून गरोदर असेल. पाच वर्षांचे पोर असेल, ते तर गोड म्हणून तीन वाट्या खाईल. कोणाचा धर्म, कोणाचे व्रत, कोणाची शपथ असेल.

काही जणी म्हणतात, शिजवले की दारू उडून जाते. उकळत्या पदार्थातूनही ती सगळी उडत नाही. अडीच तास मंद शिजवले तरी थोडी उरते, हे प्रयोग करून पाहिलेले आहे. आणि आपला पदार्थ तर विस्तवावर चढतच नाही. तो झाकून थंड ठेवायचा असतो. मग उडणार कुठून? थंड गोडात घातलेली दारू बहुतेक सगळी वाटीतच असते, आणि थंडाव्यामुळे तिचा झणका जिभेला कळत नाही.

मी कोणाच्या घरात काय चालते यावर बोलायला उभी राहिलेली नाही. ज्यांच्याकडे चालते त्यांच्याशी माझा वाद नाही. महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदीच्या कायद्याने प्यायला परवाना लागतो, आणि असली कडक दारू पंचविशीच्या आत घेता येत नाही, हे मात्र ध्यानात असू द्या. माझे म्हणणे एवढेच की, खाणाऱ्याला कळले पाहिजे. वाढणारीने सांगितले पाहिजे. आपल्याकडे आग्रह हा पाहुणचार समजतात. आग्रह जरूर करावा, पण ज्या पदार्थाचा आग्रह करतो त्यात काय आहे ते आधी सांगावे. न सांगता केलेला आग्रह म्हणजे पाहुण्याच्या विश्वासाशी खेळ आहे.

तर मग दारूशिवाय तो वास आणायचा कसा? तेल पाण्यात उतरत नाही, पण साखरेत उतरते. हीच आपल्या आजच्या कृतीची किल्ली. साखरेचे खडे सालीवर घासले की सालीतल्या तेलाच्या पिशव्या फुटतात आणि साखर ते तेल शोषून घेते. अर्ध्या तासात साखर ओलसर, केशरी आणि अशी वासाची होते की शेजारच्या घरातून विचारणा येते. याला मी संत्र्याची साखर म्हणते.

आता कृती नीट सांगते. ज्यांना लिहून घ्यायची त्यांनी लिहून घ्यावी.

साहित्य, सहा ते आठ वाट्यांसाठी : स्ट्रॉबेरी अर्धा किलो, नागपुरी संत्री दोन, साखर अर्धी वाटी म्हणजे सुमारे १०० ग्रॅम आणि वरून दोन चमचे, ताजा चक्का पाव किलो, दुधाची घट्ट साय अर्धी वाटी, आल्याचा रस पाव चमचा, मीठ चिमूटभर.

संत्र्यांची साल घट्ट बसलेली बघून घ्यावी. हल्ली फळांना चकाकीसाठी मेण लावतात. म्हणून कोमट पाण्यात चोळून धुवावीत आणि कोरडी पुसावीत. संत्रे न सोलता जायफळाच्या बारीक किसणीवर हलक्या हाताने फिरवावे. फक्त वरचा केशरी पापुद्रा यायला हवा. खालचा पांढरा भाग आला की कडवटपणा आलाच. हा कीस अर्ध्या वाटी साखरेत घालून बोटांनी चांगला चोळावा आणि अर्धा तास झाकून ठेवावा. मग संत्री सोलून एकाच्या फोडींचा रस हाताने पिळून गाळून घ्यावा. मिक्सरमधून काढू नये, बिया फुटल्या तर रस कडू होतो. दुसरे संत्रे मुलांना द्यावे, म्हणजे ती स्वयंपाकघरातून जातील.

स्ट्रॉबेरी देठासकट धुवावी. देठ आधी काढले तर पाणी आत शिरते आणि चव फिकी पडते. मोठ्या पातेल्यात पाणी घेऊन फळे हलकेच बुचकळावीत, दोनदा पाणी बदलावे, पण भिजत ठेवू नयेत. पंचावर पसरून कोरडी झाली की देठ काढून उभे दोन भाग करावेत.

काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात फोडी, संत्र्याची साखर, चार चमचे संत्र्याचा रस, आल्याचा रस आणि मीठ घालून अलगद हलवावे. ॲल्युमिनियमचे आणि बिनकल्हईचे पितळी भांडे आंबट पदार्थाला वापरू नये, हे आपल्याला आजीपासून ठाऊक आहे. अर्धा तास बाहेरच ठेवावे. साखर फळातले पाणी ओढून घेते आणि भांड्यात लाल पाक तयार होतो. विस्तव नाही की तार पाहणे नाही. मग झाकून फ्रीजमध्ये दीड-दोन तास ठेवावे. रात्रभर ठेवू नये, फोडी लिबलिबीत होतात.

आल्याचा रस कशाला, असे विचाराल. दारूने घशात एक ऊब येते. ती काढून घेतली तर पदार्थ नुसता गोड राहतो. थेंबभर आल्याने ती ऊब येते आणि कोणाला आले कळतही नाही. पण पाव चमच्याच्या वर जाऊ नये, नाहीतर आलेपाक होईल.

वरच्या थरासाठी चक्का ताजा हवा, आंबट नको. घरचे गोड दही फडक्यात चार-पाच तास टांगले की झाले. चक्का आणि साय गार असतानाच, दोन चमचे पिठीसाखर घालून, एका दिशेने फेटावे. विकतच्या साध्या क्रीमच्या डबीत स्निग्धांश कमी असतो, ती कितीही फेटली तरी फुगत नाही. तिच्या नादी लागून हात दुखवून घेऊ नये. दुधात किंवा बासुंदीत मात्र ही फळे घालू नका, फळाच्या आंबटपणाने दूध फाटते. चक्का आधीच आंबवलेला, त्याला भीती नाही.

वाढताना लहान वाटीत आधी फळे, त्यावर लाल पाक, वर चक्क्याचा एक गोळा आणि शेवटी संत्र्याच्या सालीची दोन तंतूंएवढी सजावट. खाण्याआधी दहा मिनिटे वाट्या बाहेर काढाव्यात. अगदी बर्फगार पदार्थाची गोडी आणि वास जिभेला कमी लागतो. थंड असावे, पण दात शिवशिवू नयेत.

खर्चाचे म्हणाल तर परदेशी बाटलीच्या किमतीत आपली अशी कितीतरी हळदीकुंकवे निघतील. शिवाय योगही चांगला आहे. नागपुरी संत्र्याचा अंबिया बहार साधारण संक्रांतीपर्यंत असतो आणि मृग बहार फेब्रुवारी-मार्चात येतो. त्याच दिवसांत स्ट्रॉबेरी भरात असते. एक सातारा जिल्ह्याची, एक विदर्भाचे. नागपूरच्या संत्र्यालाही २०१४ साली मानांकन मिळाले. महाराष्ट्राची दोन टोके एका वाटीत येतात, याचा मला आनंद वाटतो. स्ट्रॉबेरी संपली तर याच साखरेत महाबळेश्वरची तुती मुरवा, उन्हाळ्यात बिया काढलेली पिकली करवंदे मुरवा. फार छान लागतात.

मधुमेह असणाऱ्या भगिनींसाठी एक शब्द. नुसत्या स्ट्रॉबेरीत साखर फार नसते, १०० ग्रॅममध्ये सुमारे ५ ग्रॅम. क जीवनसत्त्व मात्र जवळजवळ ६० मिलिग्रॅम, म्हणजे संत्र्यापेक्षा कमी नाही. तेव्हा त्यांनी साखरेचा पाक सोडून नुसत्या फोडींवर सालीचा कीस आणि थोडा चक्का घालून खावे. आग्रह करणारीला खुशाल नाही म्हणावे.

शेवटी मंडळापुढे माझी एक सूचना आहे. ती मान्य करावी अशी हात जोडून विनंती. आपल्या मंडळात वर्षभर काही ना काही फराळ होतो. डोहाळजेवण, भोंडला, कोजागिरी, हळदीकुंकू. यापुढे प्रत्येक पदार्थापुढे एक लहान चिठ्ठी असावी. पदार्थाचे नाव आणि त्यात काय काय घातले आहे ते. शेंगदाणे असतील तर शेंगदाणे, अंडे असेल तर अंडे, आणि कोणी बाहेरून काही आणले तर त्यात काय आहे ते विचारून लिहावे. हॉटेलात गेलो तर वाढप्याला विचारायला लाजू नये. "यात दारू आहे का?" या प्रश्नात लाजण्यासारखे काही नाही. लाज असलीच तर उत्तर न देणाऱ्याला.

चिठ्ठी लिहायला सातवीचे शिक्षण पुरते, हे मी स्वतःच्या अनुभवाने सांगते. आजच्या वाट्यांपुढे चिठ्ठी ठेवलेली आहे. अक्षर माझे आहे आणि फोडी जाऊबाईंनी चिरल्या आहेत. साय घरची, चक्का घरचा, स्ट्रॉबेरी माझ्या वहिनीच्या शेतातली. सगळ्यांनी निर्धास्त खावे, मुलांना द्यावे, घरी राहिलेल्यांसाठी डब्यात न्यावे.

 आता वाट्या गार आहेत तोवर उठू या. तिळगूळ घ्या, गोड बोला.